संगणकाचा आवाज आणि त्याचे दुभाषी

जुने कागद वाळवीनें खाल्ले म्हणजे नाहींसे होतात, ही गोष्ट सर्वांना ठाऊक आहे. पण कागद शाबूत असूनहि मुका होऊं शकतो, हें मोडी लिपीनें आपल्याला दाखविलें. पुण्याच्या पेशवे दप्तरांत रुमालांत बांधलेले लाखों कागद आहेत. शाई ठळक आहे, कागद चिवट आहे, आणि तरीहि मोडी वाचणारा भेटेपर्यंत त्यांतला मजकूर कोणाच्या कामीं येत नाहीं. श्रोतेहो, आज मला ज्या वस्तूविषयीं बोलावयाचें आहे ती कागदाची नाहीं, व तिचें वयहि फारसें नाहीं. परंतु तिची अवस्था बरीचशी अशीच आहे. टेबलावरच्या जुन्या संगणकांतून एके काळीं जें संगीत व जे आवाज निघत, ते काढून देणाऱ्या ‘ड्रायव्हर’ नांवाच्या लहान लहान फायलींचा हा इतिहास आहे.

ड्रायव्हर हा शब्द उच्चारतांच मोटार हांकणारा इसम डोळ्यांपुढें उभा राहतो. तें चित्र येथें उपयोगी नाहीं. कंपनी सरकारच्या अमदानींत किनाऱ्यावरच्या बंदरांतून दुभाषी असत. गोऱ्या व्यापाऱ्याला देशी भाषा येत नसे, देशी व्यापाऱ्याला इंग्रजी येत नसे. सारा व्यवहार दुभाष्याच्या जिभेवर चाले. संगणकांतला ड्रायव्हर हा असाच दुभाषी आहे. एका बाजूला प्रोग्राम असतो. तो म्हणतो, ‘मध्य सप्तकांतला षड्ज अर्धा सेकंद वाजव.’ दुसऱ्या बाजूला ध्वनि निर्माण करणारें कार्ड असतें. त्याला षड्ज कळत नाहीं, सेकंदहि कळत नाहीं. अमुक क्रमांकाच्या दारांतून अमुक आंकडा आंत आला तर अमुक करावें, एवढेंच त्याला उमगतें. या दोघांमधलें भाषांतर ज्या फायलींत लिहिलेलें असतें ती ड्रायव्हर. अशा पुष्कळ दुभाष्यांना एकत्र बांधून त्या सर्वांना एकाच रीतीनें हुकूम देतां यावा, अशी सोय केली म्हणजे तिला लायब्ररी म्हणतात. पुस्तकांच्या कपाटाशीं तिचें नातें नांवापुरतेंच आहे.

आय.बी.एम्. कंपनीनें आपला ‘पर्सनल कॉम्प्युटर’ १२ ऑगस्ट १९८१ रोजीं जाहीर केला, तेव्हां दुभाष्याची गरजच नव्हती. कारण बोलण्यासारखें फारसें कांहीं नव्हतें. पेटींत एक लहानसा कर्णा होता व एक वेळमापक चिप त्याला चालवीत असे. एका वेळीं एकच स्वर, तोहि कर्कश, आणि त्याचा जोर कमी-अधिक करण्याची सोय नाहीं. हिशेब चुकला तर ‘पीं’ करून सांगावें, यापलीकडे त्याच्याकडून अपेक्षाहि नव्हती. यंत्र कचेरीसाठीं होतें. कचेरींत गाणें कशाला?

कॅनडांतील क्वेबेक येथें मार्टिन प्रेव्हेल नांवाचे गृहस्थ लाव्हाल विद्यापीठांत संगीताचे प्राध्यापक होते. त्यांना ही कोरडी शिस्त मान्य नसावी. त्यांनीं काढलेल्या ‘ॲड लिब’ कंपनीनें १९८७ सालीं संगणकाच्या पोटांत बसवावयाचें एक कार्ड विक्रीस आणलें. त्यावर जपानच्या यामाहा कंपनीची एक चिप होती. या चिपेमागचें तत्त्व अमेरिकेंतील स्टॅनफर्ड विद्यापीठांत जॉन चाउनिंग यांना १९६७ सालीं सांपडलें होतें. एका कंपनाला दुसऱ्या कंपनानें अतिशय वेगानें हेलकावे दिले असतां साध्या स्वरांतून घंटा, पितळी वाद्यें, तंतुवाद्यें यांचा आभास निर्माण होतो, असें तें तत्त्व. यामाहानें त्याचा परवाना घेतला व त्यावर १९८३ सालीं ‘डीएक्स-७’ हें गाजलेलें वाद्य काढलें. ॲड लिबच्या कार्डांत त्याच कुळांतली धाकटी चिप आली. एकाच वेळीं नऊ स्वर! ज्यांनीं केवळ ‘पीं’ ऐकलें होतें त्यांना हा वाद्यवृंदच वाटला असल्यास नवल नाहीं. पुढच्याच वर्षीं कॅलिफोर्नियांतील सिएरा ऑन-लाइन कंपनीनें ‘किंग्ज क्वेस्ट’ या मालिकेंतला चौथा खेळ काढला. त्यासाठीं विल्यम गोल्डस्टीन या चित्रपटसंगीतकाराकडून संगीत करवून घेतलें, आणि संगणकाला गळा फुटला.

या कार्डाशीं बोलण्याची रीत मोठी मौजेची होती. दारें दोनच. पहिल्यांत कोणत्या कप्प्यांत आंकडा घालावयाचा तें सांगावयाचें, दुसऱ्यांत तो आंकडा टाकावयाचा. परंतु चिप मंद. तेव्हां पहिल्या खेपेनंतर ३.३ व दुसऱ्या खेपेनंतर २३ मायक्रोसेकंद, म्हणजे सेकंदाचे तितके दशलक्षांश, थांबावें अशी कंपनीची सूचना होती. माणसाच्या हिशेबीं हा काळ कांहींच नव्हे. संगणकाला मात्र तेवढ्यांत इतर उद्योग करतां येतात, म्हणून दुभाष्यानें त्याला थोपवून धरावयाचें. कसें? तर तेंच दार पहिल्या खेपेस सहा वेळां व दुसऱ्या खेपेस पस्तीस वेळां उगीच वाचून पाहावयाचें. जपाची माळ ओढावी तसें. दाराकडे जाणारी वाट मुळांतच मंद असल्यामुळें ही युक्ति वेगवान् संगणकांवरहि बरीच टिकली. ज्यांनीं त्याऐवजीं मनांतल्या मनांत रिकामे आंकडे मोजण्याचा मार्ग पत्करला, त्यांचे खेळ पुढल्या पिढीच्या यंत्रांवर स्वर गाळूं लागले. कारण नवें यंत्र ती मोजणी क्षणार्धांत संपवून मोकळें होई. कोणा प्रोग्रामरनें एखाद्या संध्याकाळीं दोन ओळी कशा लिहिल्या, यावर दहा वर्षांनीं तें संगीत नीट ऐकूं येईल कीं नाहीं हें अवलंबून राहिलें.

ॲड लिबचें भाग्य फार टिकलें नाहीं. सिंगापूरमध्यें सिम वाँग हू यांनीं १९८१ सालीं ‘क्रिएटिव्ह’ ही कंपनी स्थापिली होती. तिनें १९८९ सालीं ‘साउंड ब्लास्टर’ नांवाचें कार्ड आणलें. त्यांत यामाहाची तीच चिप, त्याच दारांवर बसविलेली; म्हणजे ॲड लिबसाठीं लिहिलेलें सारें संगीत येथें आयतेंच वाजावें. शिवाय माणसाचें बोलणें, बंदुकीचा बार, दाराची करकर असे खरे ध्वनि वाजविण्याची सोय, आणि वर खेळण्याची काठी जोडण्यासाठीं एक जागा. हिशेबी गिऱ्हाइकाला आणखी काय पाहिजे? ॲड लिबचें १९९२ सालीं दिवाळें निघालें. साउंड ब्लास्टरमधल्या मुख्य चिपेला कंपनीनें भारदस्त नांव दिलें होतें. वस्तुतः ती इंटेलच्या ८०५१ या साध्या, यंत्रनियंत्रणासाठीं वापरल्या जाणाऱ्या कुळांतली होती. पण बाजारांत शहाणपण चिपेच्या नांवानें मोजलें जात नाहीं.

हें कार्ड हजर आहे कीं नाहीं, हें विचारण्याची एक ठरीव पद्धत होती. संगणकाच्या दारांचे क्रमांक सोळाच्या पाढ्यांत लिहितात. त्या रीतीनें २२६ या दारावर आधीं १ लिहावयाचा, तीन मायक्रोसेकंद थांबून ० लिहावयाचें, आणि जरा वेळानें शेजारच्या दारावर कान द्यावयाचा. तेथें आपल्या दशमान पद्धतीचा १७० हा आंकडा दिसला तर कार्ड ‘हजर’ म्हणालें असें समजावें. सारे दुभाषी कामाला लागण्यापूर्वीं हा नमस्कार-चमत्कार करीत.

इतकें झालें तरी घरच्या कर्त्या पुरुषाची कटकट संपत नसे. आवाजाचा एक घांस संपला कीं कार्डानें मुख्य यंत्राला हांक मारून दुसरा मागावयाचा. या हांकांसाठीं मोजक्याच तारा होत्या आणि प्रत्येक तार कोणाची तरी होती. साउंड ब्लास्टरला प्रथम दिलेली सातवी तार नेमकी छपाईयंत्राच्याहि वाट्याची निघाली. मग पत्र छापावयाचें कीं गाणें ऐकावयाचें, असा पेंच. पुढें कार्डाला पांचवी तार देण्याची वहिवाट पडली. कोणतें दार, कोणती तार, कोणता वहनमार्ग हें सर्व एका ओळींत लिहून ठेवण्याची प्रथाहि पडली, आणि तिच्या आरंभीं कंपनीचें ‘ब्लास्टर’ हेंच नांव असे. एका व्यापारी कंपनीच्या मालाचें नांव साऱ्या संगणकांच्या दिनचर्येंत असें कोरलें गेलें. दुसऱ्या कंपन्यांचीं कार्डें निघालीं तींहि आपण ‘साउंड ब्लास्टरसारखींच’ आहोंत असें जाहिरातींत सांगत व तीच ओळ निमूटपणें लिहून घेत.

आतां या इतिहासांतल्या खऱ्या गांठीकडे वळूं. त्या काळच्या डॉस या कार्यप्रणालींत आवाजासाठीं सरकारी दुभाषी कोणीच नव्हता. म्हणून प्रत्येक खेळाला आपले दुभाषी आपल्या शिदोरींत बांधून न्यावे लागत. सिएराच्या खेळांच्या तबकड्यांवर ॲड लिबसाठीं एक फाईल, रोलंड कंपनीच्या एमटी-३२ या महागड्या वाद्यासाठीं दुसरी, आय.बी.एम्.च्या गरीब कर्ण्यासाठीं तिसरी, असा सगळा लवाजमा असे. क्रिएटिव्हनें स्वतःची फाईल काढली होती ती प्रोग्राम आपल्या स्मृतींत उतरवून घेई व क्रमांकानें तिला हुकूम देई. जागा किती, तर एकंदर ६४० किलोबाइट. त्यांतच खेळ, चित्रें, संगीत आणि हे दुभाषी. अडगळ तर होतीच.

ही अडगळ एका हातीं व्यवस्थित लावण्याचें श्रेय जॉन माइल्स या अमेरिकन प्रोग्रामरला दिलें पाहिजे. त्यानें १९९० नंतर लवकरच ‘ऑडिओ इंटरफेस लायब्ररी’ तयार केली. खेळ लिहिणाऱ्यानें हुकूम एकाच भाषेंत द्यावेत. प्रत्येक कार्डासाठीं वेगळी लहानशी फाईल असावी. नवें कार्ड आलें तर नवी फाईल टाकावी, खेळाला हात लावूं नये. आज ही कल्पना साधी वाटते. तिचा स्वीकार मात्र इतका झाला कीं पुढें हजारों खेळांतून ती वापरली गेली. १९९५ सालीं रॅड गेम टूल्स या कंपनीनें ती विकत घेतली, आणि ‘माइल्स साउंड सिस्टिम’ या नांवानें ती प्रसिद्ध आहे. माइल्स यांनीं तिच्या डॉस-काळांतील जुन्या आवृत्तीचें मूळ लिखाण मागाहून सर्वांना मोफत खुलें करून दिलें. ही गोष्ट लहान दिसते. पण दुभाष्यानें आपला शब्दकोश गांवच्या वाचनालयांत आणून ठेवावा, तसा हा प्रकार आहे.

नेमकें उलट काय घडतें हें ‘डूम’ या खेळावरून दिसेल. टेक्सासमधल्या इड सॉफ्टवेअर कंपनीनें हा खेळ डिसेंबर १९९३ मध्यें प्रसिद्ध केला. त्याच्या हिंसक विषयाबद्दल माझें मत चांगलें नाहीं. पण संगणकाच्या खेळांच्या इतिहासांत त्याचें स्थान नाकारतां येत नाहीं. बॉबी प्रिन्स यांनीं त्याचें संगीत रचलें. तें वाजविणारी लायब्ररी इडची स्वतःची नव्हती. ती बाहेरून परवान्यानें आणलेली होती. चार वर्षांनीं, डिसेंबर १९९७ मध्यें, इडचा प्रमुख प्रोग्रामर जॉन कार्मॅक यानें मोठ्या उदारपणें डूमचें मूळ लिखाण जगाला देऊन टाकलें. पण डॉससाठीं लिहिलेलें मूळ लिखाण त्याला देतां आलें नाहीं. कारण आवाजाची लायब्ररी परक्याच्या मालकीची. मग लिनक्ससाठीं केलेली आवृत्ति दिली गेली, आणि तींत संगीत वाजविण्याच्या जागीं नुसतीं रिकामीं खोकीं होतीं. परक्याची लायब्ररी वापरणें ही चूकच झाली, हें कार्मॅकनें त्याच वेळीं लिहून टाकलें. पुढें हौशी मंडळींनीं तो बंद दुभाषी कसा बोलत असे हें नुसतें ऐकून व तपासून, स्वर-स्वर जुळवीत, कित्येक वर्षांच्या खटपटीनें पुन्हा बांधून काढलें. घराचें खरेदीखत हातांत आहे, पण त्यांतल्या एका खोलीची किल्ली दुसऱ्याकडे, असा तो प्रकार.

मायक्रोसॉफ्टच्या विंडोजनें मधल्या काळांत सरकारी दुभाषी नेमला. एप्रिल १९९२ मध्यें निघालेल्या विंडोज ३.१ मध्यें ध्वनीची सोय कार्यप्रणालीच्या अंगचीच झाली. प्रोग्रामनें विंडोजला सांगावें, विंडोजनें कार्ड बनविणाऱ्याच्या ड्रायव्हरला सांगावें. खेळानें दार-तारेची पंचाईत करावयाची नाहीं. १९९५ सालीं विंडोज ९५ आणि पाठोपाठ खेळांसाठीं ‘डायरेक्ट-साउंड’ आलें. गृहस्थांनीं सुटकेचा निःश्वास सोडला. तो सकारण होता. परंतु एका हातानें सुख घेतांना दुसऱ्या हातांतून काय सुटलें, तें तेव्हां कोणाच्या लक्षांत आलें नाहीं. आतां दुभाषी खेळाच्या शिदोरींत राहिला नाहीं. तो कार्डवाल्या कंपनीच्या तबकडीवर गेला.

मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून सुटे भाग आणून जुळविलेले संगणक १९९५ नंतरच्या दशकांत आपल्याकडे ज्या घरांत आले, त्या घरांना या तबकडीचें माहात्म्य वेगळें सांगावयास नको. स्वस्तांतलें कार्ड, त्यावर बनविणाऱ्याचें नांव नाहीं, आणि विंडोज पुन्हा घालण्याची वेळ आली कीं तबकडी बेपत्ता! मग पेटी उघडून भिंगानें चिपेवरचा क्रमांक वाचावयाचा व त्यावरून ड्रायव्हर हुडकावयाचा. कार्ड धडधाकट, कर्णे धडधाकट, आणि घरांत शुकशुकाट.

हें संकट फक्त स्वस्त मालावर आलें असेंहि नाहीं. कॅलिफोर्नियांतील ऑरियल कंपनीनें १९९८ सालीं असें कार्ड काढलें कीं खेळांतल्या भिंतींवर आदळून परत येणारे ध्वनि कोणत्या दिशेनें येतात, याचा तें हिशेब करी. क्रिएटिव्हनें तिच्यावर पेटंटचा दावा लावला. १९९९ सालीं ऑरियल तो जिंकली, आणि खर्चाखालीं दबून पुढल्याच वर्षीं दिवाळ्यांत गेली. तिची मालमत्ता क्रिएटिव्हनेंच विकत घेतली. कंपनीबरोबर तिच्या ड्रायव्हरांची वाढ थांबली, आणि नव्या विंडोजपुढें तीं उत्तम कार्डें अडाण्यासारखीं उभीं राहिलीं.

क्रिएटिव्हचा स्वतःचा प्रतिध्वनीचा प्रकार होता, त्याला ‘ईएएक्स’ म्हणत. १९९८ सालच्या ‘थीफ’ या खेळांत खेळणारा चोर असतो व पहारेकऱ्यांच्या पावलांचा कानोसा घेऊन त्याला अंधारांतून वाट काढावी लागते. दगडी दालनांत पाऊल कसें घुमतें, गालिच्यावर कसें विरतें, हा त्या खेळाचा प्राण. ३० जानेवारी २००७ रोजीं विंडोज व्हिस्टा सर्वांसाठीं विक्रीस आली. ध्वनीचे ड्रायव्हर कार्यप्रणालीच्या गाभाऱ्यांत शिरून सारा संगणक बंद पाडतात, ही मायक्रोसॉफ्टची तक्रार खोटी नव्हती. तिनें ध्वनीचें मिश्रण गाभाऱ्याबाहेर काढलें, आणि डायरेक्ट-साउंडमधून कार्डाच्या अंगच्या करामतींपर्यंत जाणारी थेट वाट बुजविली. एका रात्रींत शेंकडों खेळांतले प्रतिध्वनि गेले. आवाज राहिला, पण त्यांतलें घर गेलें. शिवाय ६४ बिटांच्या आवृत्तींत १६ बिटांच्या जुन्या प्रोग्रामना प्रवेश नाहीं, आणि अधिकृत सही नसलेल्या ड्रायव्हरलाहि नाहीं.

क्रिएटिव्हनें त्यावर ‘अल्केमी’ नांवाचा तोडगा काढला. विंडोज कोणताहि दुभाषी शोधतांना बहुधा प्रथम खेळाच्याच घरांत पाहते. तेव्हां सरकारी दुभाष्याच्याच नांवाची एक तोतया फाईल तेथें ठेवून द्यावयाची. ती डायरेक्ट-साउंडचे हुकूम ऐकून ‘ओपन-ए-एल’ या दुसऱ्या वाटेनें कार्डाकडे पोंचविते. पानिपतानंतरच्या तोतयानें पुण्याला ताप दिला. हा तोतया मात्र उपकारक ठरला. तथापि जुन्या कार्डांच्या मालकांची ओरड थांबली नाहीं. एका हौशी प्रोग्रामरनें कंपनीचे ड्रायव्हर सुधारून वांटावयास आरंभ केला, तेव्हां मार्च २००८ मध्यें कंपनीनें त्याला जाहीर मज्जाव केला. गिऱ्हाइकांनीं इतका गिल्ला केला कीं तिला थोडें नमतें घ्यावें लागलें. कार्ड आमच्या मालकीचें असेल तर त्याला बोलकें करणारी फाईल कोणाच्या मालकीची, हा त्या भांडणांतला प्रश्न होता. आणि कायद्याचें उत्तर कांहींहि असो, माझें मन गिऱ्हाइकांच्या बाजूचें आहे.

विंडोजला सर्वस्वी दोष देणें मात्र न्यायाचें होणार नाहीं. विंडोज ९५ च्या काळांतली ‘विनएमएम’ ही ध्वनीची लायब्ररी विंडोज ११ मध्येंहि आहे, आणि जे ३२ बिटांचे प्रोग्राम तिच्याशींच साधेपणानें बोलत, त्यांपैकीं पुष्कळांचा आवाज अजून निघतो.

परंतु ज्यांना आपण सर्वांत गैरसोयीचे समजत होतों ते डॉसचे खेळ आज अधिक सुखरूप आहेत, हें पाहून आश्चर्य वाटतें. कारण त्यांचे दुभाषी त्यांच्याच शिदोरींत होते. २००२ सालापासून ‘डॉसबॉक्स’ नांवाचा एक मोफत प्रोग्राम हौशी मंडळींनीं चालविला आहे. त्यानें दुभाष्याला हात लावला नाहीं. त्यानें पलीकडच्या परदेशी व्यापाऱ्याचेंच सोंग उभें केलें. यामाहाच्या चिपेची वागणूक नुसत्या हिशेबानें वठविली. जुनी फाईल पूर्वींप्रमाणें बोलते, आणि आपण खऱ्या कार्डाशींच बोलत आहोंत अशी तिची समजूत असते. जानेवारी २०१५ मध्यें ‘इंटरनेट आर्काइव्ह’ या अमेरिकन संस्थेनें याच साधनाच्या आधारें डॉसचे दोन हजारांहून अधिक खेळ कोणालाहि घरबसल्या चालवितां येतील असे मांडून ठेवले. आज पुण्या-मुंबईंत बसून कोणीं त्यांतला एखादा उघडला, तर खेळ अजून विचारतो: कार्ड कोणतें, दार कोणतें, तार कोणती? साउंड ब्लास्टर, २२०, सातवी, असें सांगावें. छपाईयंत्राची अडचण आतां उरलेली नाहीं. मग दुभाषी २२६ या दारावर १ लिहितो, थोडा थांबतो, ० लिहितो. आणि जेथें कार्ड नाहीं, दारहि नाहीं, तेथून १७० असें उत्तर येतें.